उन्हाळ्यात लांबणारा तास

आज सुरुवातीलाच एक कोडं. एका घड्याळात मध्यरात्री नऊ वाजतात. मग आठ, मग सात, सहा, पाच, चार. आणि चारनंतर भर दुपारी पुन्हा नऊ! तीन, दोन आणि एक कधी वाजतच नाहीत. एवढंच नाही, तर या घड्याळातला दिवसाचा तास उन्हाळ्यात लांब होतो आणि हिवाळ्यात आखडतो. तरीही ते बिघडलेलं नाही बरं का! अगदी बरोबर वेळ दाखवतंय. सांगा पाहू, हे घड्याळ कुठलं?

घड्याळ म्हटलं की स्वित्झर्लंड, असं म्हणून मोकळे झाला असाल तर चुकलात. हे घड्याळ जपानचं.

जपान आणि वेळ यांचं नातं तुम्ही ऐकून असालच. १४ नोव्हेंबर २०१७ रोजी टोकियोजवळच्या मिनामी-नागारेयामा स्टेशनातून एक लोकल वीस सेकंद आधी सुटली. उशिरा नव्हे, आधी! तर रेल्वे कंपनीनं जाहीर माफी मागितली. आपल्याकडे वीस सेकंदांत गाडीच्या दारातली माणसं धड आतही सरकत नाहीत. मग आपण म्हणतो, "जपानी माणसं वेगळीच हो! त्यांच्या रक्तातच आहे ते."

थांबा. १८५७ साली कात्तेंदाइके नावाचा एक डच नौदल अधिकारी जपानी खलाशांना शिकवायला नागासाकीला आला होता. त्यानं आपल्या आठवणींत काय तक्रार केली आहे ठाऊक आहे? जहाजाच्या दुरुस्तीसाठी भरतीच्या वेळेला लाकूड मागवावं, तर ते येतच नाही. कारागीर एकदा तोंड दाखवून जातो तो परत उगवत नाही. घोड्याचा मोतद्दार नववर्षाच्या भेटीगाठींतच दोन दिवस काढतो. बिचारा अगदी वैतागून गेला होता. म्हणजे दीडशे-पावणेदोनशे वर्षांपूर्वी जपानी माणसं परदेशी पाहुण्यांना चक्क वेळेच्या बाबतीत ढिली वाटत होती!

मग ती रक्ताबिक्ताची गोष्ट कुठं गेली? रक्तात काही नव्हतं. त्यांची वेळच वेगळी होती. आणि त्या वेळेसाठी त्यांनी घड्याळंही वेगळी बनवली होती.

गोव्याहून निघालेलं जहाज

जपानमध्ये यंत्राचं घड्याळ कोणी नेलं, याचा एक धागा आपल्या शेजारी येऊन पोचतो. जुन्या गोव्याच्या चर्चमध्ये ज्यांचं शव जपून ठेवलं आहे, ते सेंट फ्रान्सिस झेवियर. ते १५४९ साली गोव्याहून निघाले आणि त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये जपानच्या कागोशिमा बंदरात उतरले. १५५१ साली त्यांनी यामागुचीचे सरदार ओउची योशिताका यांना काही भेटी दिल्या. त्यांत एक घड्याळ होतं. जपानात आलेल्या यांत्रिक घड्याळाची ही पहिली नोंद मानतात. ते घड्याळ आज शिल्लक नाही. पण १६११ साली स्पेनच्या राजानं तोकुगावा इएयासु यांना पाठवलेलं घड्याळ मात्र कुनोझानच्या देवळात आजही आहे. दोन वर्षांपूर्वी जपानच्या किनाऱ्यावर फुटलेल्या स्पॅनिश जहाजातली माणसं तिथल्या गावकऱ्यांनी वाचवली, त्याबद्दलची ती भेट होती.

घड्याळ आलं खरं, पण एक मोठीच अडचण झाली.

जपानमध्ये दिवस म्हणजे पहाट फुटल्यापासून संध्याकाळ मावळेपर्यंतचा काळ. त्याचे सहा सारखे भाग करायचे. रात्रीचेही सहा. या प्रत्येक भागाला ते 'तोकी' म्हणत. आपल्याकडच्या प्रहरासारखंच. आपणही दिवसाचे चार आणि रात्रीचे चार प्रहर करत होतो ना? "तिसऱ्या प्रहरी पाहुणे आले" असं आजी म्हणते तेव्हा ती हेच जुनं माप वापरत असते.

आता गंमत पाहा. दिवस लहान-मोठा होतो, म्हणून त्याचा सहावा भागही लहान-मोठा होणार. स्वतःच करून बघा. भिंतीवरच्या कॅलेंडरात सूर्योदय आणि सूर्यास्ताच्या वेळा असतात. डिसेंबरच्या अखेरीस मुंबईत सूर्य अकरा तासांच्या आसपास वर असतो. भागिले सहा केले की एक भाग आला एक तास पन्नास मिनिटांचा. जूनच्या अखेरीस तोच भाग होतो दोन तास आणि वर बारा-तेरा मिनिटं. टोकियो आपल्यापेक्षा बरंच उत्तरेला, त्यामुळे तिथं हा फरक आणखी मोठा. ऐन उन्हाळ्यात दिवसाचा एक तोकी अडीच तासांहूनही लांब, आणि त्याच चोवीस तासांतला रात्रीचा तोकी दीड तासाहूनही छोटा!

शेतकऱ्याला, सुताराला, मीठ विकणाऱ्याला हे अगदी सोयीचं होतं. दिवे महाग. उजेड असेल तोवर काम करायचं, अंधार पडला की थांबायचं. 'सकाळचा सहावा ठोका' म्हणजे झुंजूमुंजू, मग महिना कोणताही असो.

पण युरोपातून आलेल्या घड्याळाला हे कुठं ठाऊक? ते आपलं वर्षभर एकाच चालीनं टकटक करत राहायचं.

घड्याळालाच शिकवलं!

युरोपात चौदाव्या शतकापर्यंत लोक असेच लहान-मोठे तास मोजत. मनोऱ्यांवर घड्याळं आली, तेव्हा तिथल्या लोकांनी आपले तास सोडून दिले आणि घड्याळाचे सारखे तास घेतले. जपानी कारागिरांनी उलटं केलं. त्यांनी तास तेच ठेवले आणि घड्याळ बदललं.

कसं, ते समजून घ्यायला हवं. त्या काळच्या घड्याळात लंबक नव्हता. वर एक आडवी दांडी असे. ती पाळण्यासारखी मागे-पुढे हलायची, आणि तिच्या दोन्ही बाजूंना छोटी वजनं टांगलेली. वजनं टोकाकडे सरकवली की दांडी जड चालते, म्हणजे घड्याळ हळू. मध्याकडे आणली की भराभर. (खुर्चीवर गिरकी घेताना हात पसरले की वेग कमी होतो, आवळले की वाढतो, तसंच.) मग काय, साधारण दर पंधरा दिवसांनी ही वजनं एकेक खाच सरकवायची. उन्हाळ्याकडे जाताना दिवसासाठी बाहेर, रात्रीसाठी आत.

पण रोज पहाटे आणि रोज संध्याकाळी उठून वजनं कोण हलवणार? म्हणून त्यांनी एकाच घड्याळात दोन दांड्या बसवल्या. एक दिवसाची, एक रात्रीची. पहाट झाली की यंत्र आपोआप एक दांडी सोडून दुसरी पकडायचं. बाहेरून कोणी बोटही लावायचं नाही! या घड्याळांना 'वादोकेइ', म्हणजे जपानी घड्याळ, म्हणतात. पुढे आणखी एक युक्ती निघाली. घड्याळाची चाल तशीच ठेवायची आणि तबकडीवरचे आकडेच सरकते करायचे. उन्हाळ्यात दिवसाचे आकडे लांब लांब, रात्रीचे जवळ जवळ.

१६५६ साली युरोपात हॉयगेन्सनं लंबकाचं घड्याळ काढलं. ते कितीतरी अचूक होतं. पण तोवर जपाननं परदेशी लोकांसाठी आपली दारं जवळजवळ बंद केली होती. नागासाकीत डच आणि चिनी व्यापारी, बाकी कोणी नाही. जपानी कारागीर दांडीचंच घड्याळ सुधारत बसले. याला मागासलेपणा म्हणणारे लोक आहेत. मला नाही तसं वाटत. त्यांच्या कामाला तीच योग्य होती.

आता ते उलटे आकडे. नऊ हा तिथं शुभ आकडा. म्हणून मध्यरात्री नऊ ठोके. पुढच्या तोकीला नवाचा पाढा म्हणायचा: अठरा, सत्तावीस, छत्तीस, पंचेचाळीस, चौपन्न. आता अठरा ठोके कोण देत बसणार? म्हणून फक्त एकम स्थानचा आकडा घ्यायचा. आठ, सात, सहा, पाच, चार! चौपन्न झाले की दुपार, आणि पुन्हा नऊपासून सुरुवात. घंटा वाजवणारा लोकांचं लक्ष वेधायला आधी तीन ठोके देई आणि मग वेळेचे.

ही मोजणी जाऊन दीडशे वर्षं झाली, पण जपानी मुलं तिच्यातला एक आकडा अजून रोज खातात! दुपारचा आठवा ठोका म्हणजे साधारण दोन-अडीचचा सुमार. त्या वेळी लोक काहीतरी तोंडात टाकत. आठ म्हणजे 'यात्सु', म्हणून मधल्या वेळच्या खाण्याला आजही 'ओयात्सु' म्हणतात. तसंच प्रत्येक तोकीला प्राण्याचं नाव होतं. मध्यरात्र उंदराची, भरदुपार घोड्याची. आजची जपानी मुलं सकाळच्या वेळेला 'गोझेन' म्हणजे घोड्याच्या आधी, आणि दुपारनंतरच्या वेळेला 'गोगो' म्हणजे घोड्यानंतर, असंच म्हणतात. बहुतेकांच्या तो घोडा लक्षातही येत नसेल.

कासवाच्या पाठीपासून घड्याळापर्यंत

ही घड्याळं गरिबाच्या घरात नसत. ती सरदारांच्या वाड्यांत. सामान्य माणूस देवळाची आणि गावाची घंटा ऐकायचा. पण घड्याळ बनवता बनवता कारागिरांचा हात असा बसला, की त्यांनी त्याच दातेरी चक्रांतून बाहुल्या चालवल्या. चहाची वाटी हातात ठेवली की बाहुली पाहुण्याकडे चालत जाते, वाटी उचलली की थांबते, रिकामी वाटी परत ठेवली की वळून माघारी! १७९६ साली होसोकावा हान्झो यांनी घड्याळं आणि अशा बाहुल्या कशा बनवायच्या, याचं चित्रांसकट पुस्तकच काढलं.

या सगळ्यांचा मुकुटमणी म्हणजे तानाका हिसाशिगे. १७९९ साली कुरुमे गावात एका कासवाच्या कवचाच्या वस्तू बनवणाऱ्याच्या घरी त्यांचा जन्म. १८५१ साली त्यांनी एक घड्याळ पुरं केलं. नाव 'दहा हजार वर्षांचं घड्याळ'. त्याला सहा तोंडं. एका तबकडीवर जपानी वेळ, एकीवर पाश्चात्त्य वेळ, शिवाय वार, ऋतूंचे चोवीस टप्पे, तिथी आणि साठाच्या चक्रातलं स्थान. वर काचेच्या घुमटाखाली जपानचा नकाशा आणि त्यावरून फिरणारे सूर्य-चंद्र. एकदा चावी दिली की वर्षभर निश्चिंती! जपानी वेळेच्या तबकडीवरचे आकडे वर्षभर आपोआप जवळ-लांब सरकतात. कोणी हात लावायचा नाही. त्यासाठी तानाकांनी एक विचित्र चक्र बनवलं. ते एका दिशेनं फिरत राहणाऱ्या यंत्राची गती घेऊन आकड्यांना सहा महिने पुढे आणि सहा महिने मागे ढकलतं.

हजाराहून जास्त भाग, आणि बहुतेक हातानं, कानशीनं घासून केलेले. २००४ साली तंत्रज्ञांच्या मोठ्या ताफ्यानं ते उलगडलं आणि त्याची प्रतिकृती केली, तेव्हा आजच्या यंत्रांना हाताशी धरूनही त्यांना घाम फुटला. मूळ घड्याळ टोकियोच्या उएनो भागातल्या विज्ञान संग्रहालयात आहे.

पण या अद्भुत घड्याळाचं नशीब बघा. दहा हजार वर्षं कसली, ज्या वेळेसाठी ते बनवलं ती वेळच एकवीस वर्षांत रद्द झाली!

दोन दिवसांचा महिना

१८६८ साली जपानमध्ये राज्य बदललं. नव्या सरकारला देश झपाट्यानं बदलायचा होता. १८७२च्या ऑक्टोबरमध्ये शिंबाशी ते योकोहामा ही २९ किलोमीटरची पहिली रेल्वे सुरू झाली. ५३ मिनिटांचा प्रवास. आता 'मिनिट' म्हणजे काय, हेच लोकांना नवीन! तोवर सामान्य माणसाला अर्ध्या तासाहून छोटा तुकडा लागतच नव्हता. सूचना लागली की प्रवाशांनी पंधरा मिनिटं आधी यावं, पाच मिनिटं आधी दार बंद होईल. आणि त्याच सूचनेत, गाडी ठरल्या वेळी सुटेलच किंवा पोचेलच अशी हमी मात्र देता येत नाही, असंही लिहिलं होतं! आज वीस सेकंदांसाठी माफी मागणाऱ्या देशाची रेल्वे अशी सुरू झाली.

त्याच वर्षी ९ डिसेंबरला हुकूम निघाला. जुनं चांद्र पंचांग बंद. बाराव्या महिन्याच्या तिसऱ्या दिवशी १ जानेवारी १८७३ मानायचा. म्हणजे तो महिना फक्त दोन दिवसांचा! आणि त्याबरोबर लांबणारे-आखडणारे तासही गेले. चोवीस सारखे तास आले. लोकांना तयारीला मिळाले तीन आठवडे.

एवढी घाई का? कारण मोठं मजेशीर आहे. येणाऱ्या वर्षात अधिक महिना होता. आपल्या पंचांगात येतो तसाच. सरकार तेव्हा नोकरांना महिन्यावारी पगार देऊ लागलं होतं, म्हणजे तेरा पगार द्यावे लागणार. तिजोरीत तर खडखडाट! पंचांग बदललं की तेरावा पगार वाचला, आणि दोन दिवसांच्या महिन्याचाही वाचला. अर्थमंत्रालय सांभाळणारे ओकुमा शिगेनोबु यांनी पुढे हे स्वतःच सांगितलं आहे.

लोक गोंधळले. फुकुझावा युकिची या विद्वानानं घाईघाईनं एक छोटी पुस्तिका लिहिली. नवं पंचांग कसलं, घड्याळाचे काटे कसे वाचायचे, वगैरे. तिच्या लाखावर प्रती खपल्या. आणि वादोकेइ बनवणाऱ्यांचं काय झालं? तीन शतकं साठवलेली विद्या एका हुकमानं कुचकामाची झाली. कित्येक घड्याळं परदेशी पाहुण्यांनी शोभेची वस्तू म्हणून विकत नेली. तानाका मात्र गप्प बसले नाहीत. पंचाहत्तराव्या वर्षी, १८७५ साली, त्यांनी टोकियोच्या गिन्झा भागात तारायंत्रांचं दुकान काढलं. त्यातूनच पुढे 'तोशिबा' कंपनी उभी राहिली.

पावसात न थांबणारा धंदा

याच वर्षांत हात्तोरी किंतारो नावाचा मुलगा वाढत होता. तेराव्या वर्षी तो एका दुकानात उमेदवारीला लागला. पाऊस आला की गिऱ्हाईक नाही, सगळे हात चोळत बसलेले. पण जवळच्या घड्याळाच्या दुकानात मात्र पावसातही दुरुस्तीचं काम चालू! त्यानं मनाशी ठरवलं, धंदा करीन तर हाच.

१८८१ साली, एकविसाव्या वर्षी, त्यानं स्वतःचं दुकान काढलं. योकोहामाच्या परदेशी पेढ्यांकडून तो घड्याळं आणायचा. जपानी व्यापारी तेव्हा वर्षातून दोनदाच देणी फेडत. परदेशी पेढ्यांना महिन्याच्या मुदतीत पैसे हवे असत. हात्तोरी ठरल्या तारखेला पैसे नेऊन द्यायचा. साहजिकच नवा, चांगला माल आधी त्याला मिळू लागला. १८९२ साली त्यानं कारखाना काढला, 'सेइकोशा'. आधी भिंतीवरची घड्याळं, मग खिशातली, आणि १९१३ साली जपानचं पहिलं मनगटी घड्याळ.

१ सप्टेंबर १९२३ला टोकियोत महाभयंकर भूकंप झाला. कारखाना जळाला. दुरुस्तीला आलेली लोकांची सुमारे १५०० घड्याळंही जळून गेली. हात्तोरींनी वर्तमानपत्रात जाहिरात दिली, की आपलं घड्याळ आमच्याकडे होतं त्यांनी कळवावं, तसंच नवं देऊ. स्वतःचं सगळं जळालेलं असताना!

पण सामान्य माणसाची सवय काही एका हुकमानं बदलत नाही. पंचांग बदलून जवळपास पन्नास वर्षं झाली तरी सरकारला आणि सुधारकांना लोकांना वेळ शिकवावी लागत होती. १९२० साली टोकियोत 'वेळेचं प्रदर्शन' भरलं. दोन लाखांहून जास्त लोक बघायला गेले. १० जूनला पहिला 'वेळेचा दिवस' साजरा झाला, रस्त्यांवर पत्रकं वाटली. शाळा, कारखाने, रेल्वे, सैन्य, सगळीकडून तेच बिंबवलं गेलं. म्हणून सांगतो, रक्ताबिक्ताचं काही नाही. दोन-तीन पिढ्यांची तालीम होती ती.

२५ डिसेंबर १९६९ला हात्तोरींच्याच कंपनीनं 'ॲस्ट्रॉन' हे जगातलं पहिलं क्वार्ट्झ मनगटी घड्याळ विकायला काढलं. त्यात गारगोटीसारखा स्फटिक. बॅटरीची वीज मिळाली की तो सेकंदाला ८१९२ वेळा थरथरतो. हाच आकडा का? कागद घ्या आणि ८१९२ची निम्मी-निम्मी करत जा. बरोबर तेराव्या वेळी एक उरतो! घड्याळातलं इवलंसं मंडळ हेच करतं, आणि काटा सेकंदाला एकदा पुढे जातो. महिन्याला फार तर पाच सेकंद इकडे-तिकडे. किंमत साडेचार लाख येन. तेवढ्यात तेव्हा एक छोटी मोटार येई. पुढे ही घड्याळं स्वस्त झाली आणि स्वित्झर्लंडच्या घड्याळ कारखान्यांतल्या दर तीनपैकी जवळजवळ दोन नोकऱ्या गेल्या.

आपल्याकडेही या कहाणीचा एक तुकडा आहे. आजोबांच्या कपाटात जुनं एचएमटी असेल तर काढून बघा. एचएमटीचा घड्याळ कारखाना १९६१ साली बंगळूरला सुरू झाला, तो जपानच्याच सिटिझन कंपनीच्या मदतीनं. ती घड्याळ कंपनी बंद करायचा निर्णय २०१६ साली झाला, पण घड्याळं अजून चालतात.

आता एक गोष्ट, जी सांगायला बरी वाटत नाही. २५ एप्रिल २००५ रोजी सकाळी आमागासाकीजवळ एक लोकल वळणावर रुळांवरून उडाली आणि एका इमारतीवर आदळली. १०७ माणसं गेली, पाचशेवर जखमी झाली. आधीच्या स्टेशनात चालकाकडून गाडी पुढे गेली होती, ती मागे घेताना दीड मिनिटाच्या आसपास उशीर झाला. ताशी ७० किलोमीटरच्या वळणावर त्यानं गाडी ११६नं नेली. तो अवघा तेवीस वर्षांचा होता. उशीर करणाऱ्या चालकांना तिथं अपमानास्पद 'शिक्षण' देत. तो त्या धाकात होता, असं चौकशीत पुढे आलं. दीड मिनिट! जुन्या जपानच्या कुठल्याही घड्याळाला ते दिसलंसुद्धा नसतं.

जुनी वेळ मात्र पूर्ण मेलेली नाही. किकुनो मासाहिरो या तरुण कारागिरानं २०११ साली तानाकांच्या धर्तीवर चक्क मनगटी वादोकेइ बनवलं. तबकडीवरचे इवलेसे आकडे ऋतूप्रमाणे आपोआप सरकतात. अशी घड्याळं तो जवळजवळ सगळी हातानं करतो, त्यामुळे वर्षाकाठी अगदी मोजकीच होतात. आणि दिवसाची लांबी गावागणिक वेगळी, म्हणून असं घड्याळ ज्या गावी वापरायचं त्या गावच्या सूर्याला धरूनच जुळवावं लागतं. टोकियोचं घड्याळ नागपुरात चालायचं नाही, आणि नागपूरचं टोकियोत.